वाहक लहरीवरची आमटी

एप्रिल लागला की आमच्या प्रयोगशाळेला एक वास येतो. सोल्डरिंगचा धूर, घामानं चिकटलेली जर्नलं आणि कुणाच्या तरी डब्यातली शेंगदाण्याची चटणी. धाराशिवच्या उन्हात पंखे नुसती गरम हवा खाली ढकलत असतात, आणि टेबलापलीकडे उभं असलेलं पोर त्याच पंख्याकडे बघत असतं. तोंडी परीक्षेत ज्याला उत्तर येत नाही तो पंख्याकडे बघतो. मी शिकवायला लागल्यापासून हा नियम मोडलेला पाहिला नाही. परवा मी एवढंच विचारलं होतं, ए.एम.मध्ये कॅरिअर कशाला लागतो? पोर पंख्याकडे बघत राहिलं आणि तेवढ्यात खिडकीतून, लांब कुठल्यातरी सप्ताहाच्या कर्ण्यावरून, ‘हॅलो, हॅलो’ असं आलं. मला हसू फुटलं. शेजारी बसलेल्या बाहेरच्या परीक्षकांना वाटलं, मी पोराला हसले. खरं तर मला माझी आई आठवली होती.

कॅरिअर म्हणजे वाहक लहर. माणसाचा आवाज बिचारा आपल्या पायानं फार लांब जात नाही, म्हणून त्याला रेडिओच्या लहरीवर बसवून पाठवायचं. आवाज चढला की लहर उंच होते, आवाज उतरला की तीही बसते. ए.एम. म्हणतात ते एवढंच. गंमत पुढे आहे. या वाहक लहरीला स्वतःचं असं सांगायला काहीच नसतं, पण पाठवायच्या ताकदीतला मोठा वाटा मात्र तीच खाऊन बसते. सांगायचं असतं ते तिच्या दोन बाजूंना, वरच्या आणि खालच्या साइडबँडमध्ये, आणि त्या दोन्हींत मजकूर एकच. काटकसरी लोकांना हे बघवलं नाही. त्यांनी एक बाजू छाटली, कॅरिअर दाबून टाकला आणि उरलेली एकच बाजू पाठवायला सुरुवात केली. याला म्हणतात सिंगल साइडबँड. निम्मी जागा, कमी ताकद, लांबचा पल्ला. अट एकच. ऐकणाऱ्याला तो गाळलेला कॅरिअर आपला आपण तयार करावा लागतो, तोही नेमक्या जागी. नसला तर चांगल्या भल्या माणसाचं बोलणं बदकासारखं ऐकू येतं.

आमच्या ईट गावात सगळा कारभार ए.एम.वर चालतो. कुणी चाळण मागायला आलं तर आधी ऊन होतं, मग म्हैस होते, मग भूमच्या दवाखान्यात कोण ॲडमिट आहे ते होतं, चहा होतो. माणूस उठतो, उंबऱ्यापर्यंत जातो, चपलेत एक पाय घालतो आणि मग म्हणतो, ती चाळण असली तर बघा. तासभराच्या कॅरिअरवर चाळणीएवढा मजकूर. मी डिप्लोमाला असताना मला याचा भयंकर राग यायचा. शिकलेल्या पोरीला येतो तसा, सगळ्यांचा वेळ आपल्यालाच वाचवायचा आहे अशा थाटाचा.

मी सांगते आहे तो उन्हाळा डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाचा. कॉलेजच्या पाटीवर तेव्हा उस्मानाबाद होतं. परीक्षेआधीच्या सुट्टीला मी गावी आले होते. ज्वारी निघून गेली होती, रानं उघडी पडली होती आणि कडब्याच्या गंजीवरून दुपारी जो वारा यायचा त्यानं पुस्तकाची पानं भाजल्यासारखी कडक व्हायची. हनुमान जयंतीपर्यंत गावात सप्ताह. देऊळ आमच्या घरासमोर, मध्ये फक्त एक बोळ. देवळातली लाइट कधी जाईल याचा भरवसा नसल्यामुळे बाबू माईकवाल्याचं मशीन दर वर्षी आमच्या ओसरीवर मांडलेलं असायचं. मांडवातल्या माईकची वायर बोळावरून आमच्या ओसरीत यायची आणि तिथून गावभरच्या कर्ण्यांना जायची. सकाळी पारायण, संध्याकाळी कीर्तन. दुपारी मात्र गाव झोपायचं आणि बाबूही मशीनच्या शेजारी, तोंडावर टॉवेल टाकून झोपायचा.

पण त्या वर्षी आमच्या घरात दुसरंच काही चालू होतं. सप्ताहातल्या एका दिवसाची पंगत आमच्या घराण्याकडे असते. आमचं घराणं म्हणजे एका भिंतीच्या दोन बाजू. अलीकडे माझे वडील, अप्पा, शेजारच्या गावात मास्तर, आणि आई. पलीकडे अप्पांचे थोरले भाऊ, तात्या. आणि तात्यांची बायको, माझी मोठीआई; आई तिला ‘बाई’ म्हणायची, ती आईला ‘कमल’. पंगतीची येसूर आमटी या दोघी जावांनी करायची, ही पिढीजात रीत. येसूर म्हणजे भाजलेली धान्यं आणि मसाले एकत्र दळून केलेलं पीठ, आणि ती आमटी ज्यानं खाल्ली नाही त्याला मी काही समजावून सांगणार नाही. आधल्या वर्षीची आमटी खारट झाली होती. थोडीथोडकी नाही, गावानं तांब्यामागून तांबे पाणी प्यावं एवढी. दोघींनीही मीठ टाकलं, दोनदा पडलं, असं गावानं ठरवलं. कुणी दुसऱ्यांदा टाकलं यावर मात्र दोघींचं एकमत होईना. आई म्हणायची मी नाही, मोठीआई म्हणायची मग काय मारुतीनं टाकलं? बोलणं बंद झालं ते वर्ष उलटलं तरी बंदच.

हे बंद होणं काय होतं ते कळायला आधीचं चालू असणं माहीत पाहिजे. या दोघी एकाच चुलीवर वर्षानुवर्षं वावरलेल्या. त्यांचं बोलणं असं असायचं. मोठीआई म्हणायची, “ते?” आई म्हणायची, “केलं.” मोठीआई म्हणायची, “मग?” आई म्हणायची, “बघू की.” आणि एवढ्यावर कुणाच्या तरी बारशाचा सगळा बेत ठरलेला असायचा. आम्ही बाकीचे नुसते बदकं ऐकल्यासारखे बघत राहायचो. सिंगल साइडबँड मी कॉलेजात शिकले तेव्हा मला ते चटकन समजलं, कारण मी त्याच्यातच वाढले होते. दोघींच्या मनात एकच कॅरिअर होता, मग पाठवायचा कशाला? अबोला धरल्यावर तो जुळवलेला कॅरिअरच हलला. भिंतीपलीकडून भांडं पडल्याचा आवाज आला तरी आई म्हणायची, मुद्दाम आपटलं.

मला त्याचा फार त्रास झाला, हे सरळच सांगते. मी निम्मी पलीकडच्या घरात वाढले. माझी वेणी मोठीआई घालायची, कारण आईचा हात घट्ट. आता मी पलीकडे गेले की इकडे आईचं तोंड उतरायचं, आणि इकडचं जेवून तिकडे गेले की मोठीआई म्हणायची, पोट भरलं असंल तर बस नुसती. सुट्टीला घरी यायचं आणि घर अर्धंच भेटायचं. त्यात त्या वर्षी दोन्ही घरांनी सप्ताह कमिटीकडे वेगवेगळी पंगत मागितली. कमिटीनं डोकं खाजवून दोघींना एकच दिवस दिला. म्हणजे देवळाच्या या टोकाला आईची डेग, त्या टोकाला मोठीआईची, दोन्हींत तीच येसूर आमटी, आणि मध्ये बसलेल्या गावानं कुठल्या बाजूची घ्यायची ते ठरवायचं. एकदा अशी पंगत झाली असती तर भिंत कायमची पक्की झाली असती. अप्पांना ते कळत होतं, तात्यांना कळत होतं, पण दोघं भाऊ बोळात उभे राहून आंब्याच्या कैऱ्यांबद्दल बोलायचे आणि आपापल्या घरात जायचे.

माझा प्रोजेक्ट होता ए.एम. ट्रान्समीटर. लाकडी फळीवर बसवलेला, पुठ्ठ्याच्या नळीवर तांब्याची तार गुंडाळलेला, एक स्वस्तातला माईक आणि उंच टांगायची एरियलची तार. आमच्या सरांचं म्हणणं होतं की कॉलेजचं मैदान ओलांडून आवाज साध्या रेडिओवर गेला पाहिजे. म्हणून एरियल बांधायचं होतं. अप्पांना असल्या कामाची भारी हौस. शिवाय मास्तर माणूस, टापटीप पहिली. माझी तार मागच्या खोलीतून निघून ओसरीवरून बोळात लोंबकळत होती, ते त्यांना बघवेना. बोळावरून बाबूच्या माईकची वायर आधीच ताणलेली होती. अप्पांनी शिडी लावली आणि माझी तार त्या वायरीला समांतर धरून हातभर हातभर अंतरावर सुतळीनं व्यवस्थित बांधून टाकली. खाली उतरून त्यांनी चष्मा पुसत माझ्याकडे पाहिलं. आता कशी शिस्तीत दिसते, म्हणाले. मीही मान डोलावली. तीन वर्षं शिकलेली मी, मान डोलावली.

दुपारी सगळं निजल्यावर मी ट्रान्समीटर चालू केला. मी रेडिओ घेऊन लांब जाणार, तर माईकवर कुणीतरी बोलत राहायला हवं. आई मागच्या खोलीत पंगतीसाठी तूरडाळ निवडत बसली होती. तिला म्हटलं, मी येईपर्यंत नुसतं बोलत राहा. तिनं माईककडे पाहिलं, पदर सारखा केला.

“आगं पन काय बोलू?”

“काहीही बोल. कुणी ऐकत नाही. फक्त मी.”

माझं हे वाक्य खोटं ठरणार होतं, पण तेव्हा मला ते माहीत नव्हतं.

मी रेडिओ कानाला लावून बोळातून निघाले. आईनं रीतीप्रमाणे सुरुवात केली. हॅलो म्हणाली. मग ऊन लई आहे म्हणाली. डाळीत यंदा खडे फार. गुडघा वळत नाही. मीनीनं, म्हणजे मी, डोक्याला तेल लावलं नाही, केसांचा पार झाडू झालाय. मी चालत पुढे जात होते आणि आवाज खणखणीत. पाराजवळ पोचले, आवाज तेवढाच. शाळेपाशी आले, आवाज उलट वाढला. माझा ऊर भरून आला. एवढ्याशा फळीवरच्या सर्किटनं असा पल्ला मारावा! मला वाटलं बॅटरी उगाच कशाला जाळायची, झाली की परीक्षा पास. मी रेडिओ बंद केला.

आई बोलतच होती.

मी रेडिओकडे पाहिलं. मग वर पाहिलं. शाळेच्या छपरावरच्या कर्ण्यातून माझी आई गावाला सांगत होती की मीनीला मूग आवडत नाहीत.

पुस्तकात हे सगळं लिहिलेलं असतं. ए.एम. ऐकायला फार शहाणं यंत्र लागत नाही. लांब वायर आणि तिच्या टोकाला यंत्राच्या आतला एखादा साधा ट्रान्झिस्टर मिळाला, तर तो आपसूक त्यातला आवाज वेगळा काढतो. अप्पांच्या सुतळीनं वायर दिली होती, बाबूच्या चालू राहिलेल्या मशीननं बाकीचं केलं होतं. पण त्या क्षणी मला यातलं काही सुचलं नाही. मी नुसती पळत सुटले. आणि आईचा कॅरिअर संपून मजकूर सुरू झाला तो नेमका तेव्हा. तिचा आवाज खाली गेला, पण कर्ण्यांना त्यानं काय फरक पडतो.

“मीठ म्याच टाकलं व्हतं,” आई म्हणाली. “बाईंनी टाकल्यालं बघितलं व्हतं म्या. तरीबी टाकलं. दरसाली आमटी चांगली झाली की लोक म्हनत्यात, थोरलीच्या हाताची चव. म्हटलं, एकदा तरी माझ्या हाताची म्हनावं. आता बाईंशिवाय डेग लावायची. पानी किती घालायचं ते बी मला ठावं न्हाय, त्यो अंदाज त्यांचाच.”

घरांची दारं उघडत होती. लोक झोपेतून उठून ओट्यावर येऊन वर बघत होते, पाऊस आला की बघतात तसे. मला कुणी थांबवलं नाही, कुणी हसलंही नाही. मी घरात शिरले तेव्हा बाबू तोंडावरच्या टॉवेलसकट उठून बसला होता आणि आपल्याच मशीनकडे घाबरून बघत होता. मागच्या खोलीच्या दारात मोठीआई उभी होती. हात कोपरापर्यंत पिठानं माखलेले. मळायचं तसंच टाकून आली होती. वर्षभरात तिनं आमचा उंबरा ओलांडला नव्हता. आई डाळीच्या सुपात बोटं खुपसून तिच्याकडे बघत बसलेली. तिला अजून काहीच माहीत नव्हतं; स्वतःच्या बोलण्यापुढे कर्ण्यातला आवाज तिला ऐकूच आला नव्हता.

मोठीआई खाली बसली आणि मला म्हणाली, “मलाबी बोलायचंय. कुटं बोलायचं असतंय?”

मी म्हटलं, “मोठीआई, अगं सगळ्या गावाला ऐकू जातंय.”

“जाऊं दी. आमटी गावानंच खाल्ली की.”

तिनं पिठाच्या हातानं माईक ओढून तोंडाशी धरला, आणि तात्यांची बायको असल्यामुळे तात्यांसारखीच ओरडून बोलली. ओव्हरमॉड्युलेशन म्हणजे काय, आवाज लहरीच्या मापाबाहेर गेला की कसा फाटतो, ते मी आजही मुलांना तिचीच आठवण ठेवून शिकवते. तरी कळायचं ते कळलं.

“कमलनं टाकल्यालं म्याबी बघितलं. तिनं टाकल्यावर म्या पुन्यांदा टाकलं. आमटी आळनी झाली तर नाव माझं जाईल, म्हनून. म्हंजी मीठ तीनदा पडलंय. गावानं दोनदा धरलं हाय, ते चुकलंय.”

कुठूनतरी लांबून, बहुतेक पारावरून, एकदम हशा आला. आईनं पदर तोंडावर ओढला, आणि आपलंही बोलणं असंच गावभर गेलं होतं हे तिच्या लक्षात आल्यावर तो पदर संध्याकाळपर्यंत काढला नाही. पदराच्या आत ती रडत होती की हसत होती ते मला कळलं नाही, मोठीआईला कळलं असावं. तिनं डाळीचं सूप आपल्याकडे ओढलं आणि खडे वेचायला लागली. मी ट्रान्समीटर बंद केला. अप्पा ओसरीवर येऊन वर बांधलेल्या सुतळीकडे बघत उभे होते. शिस्तीचा काय दोष, असा त्यांचा चेहरा. बाबू मात्र सप्ताह संपेपर्यंत मशीनला हात लावण्याआधी नमस्कार करायचा.

आता आई फोन करते. जेवलीस का, लाइट आहे का, पाणी किती दिवसांनी येतं, तुझ्या कॉलेजातल्या त्या बाईंचं ऑपरेशन झालं का. पूर्वी मी म्हणायची, आई, काम काय ते सांग. आता म्हणत नाही. मी शिकवते तोच धडा मला इतक्या उशिरा कळला. कॅरिअर नुसता ताकद खातो, हे खरं. पण तो असतो म्हणून कुठल्याही साध्या यंत्राला, अर्धवट लक्ष असलेल्या लेकीलाही, बोलणं पकडता येतं. माझे विद्यार्थी हल्ली लॅपटॉपवर लहरी काढतात. निळी रेघ, तांबडी रेघ, एकदम सुबक. कुणाच्याही घरातलं काहीही बाहेर जात नाही. त्यांचं चांगलंच आहे म्हणा.

त्या वर्षी सप्ताह चालू असतानाच माझी तोंडी परीक्षा आली. ईटहून एस.टी.नं गेले, मांडीवर फळी घेऊन. परीक्षक लातूरकडचे, वयस्कर, कपाळावर आठ्या. त्यांनी विचारलं, सिंगल साइडबँडचे फायदे सांगा. मी घडाघडा सांगितले. ताकद वाचते, जागा निम्मी, गोंगाट कमी. मग म्हणाले, एवढं सगळं आहे तर अजून ए.एम. कशाला शिकवतात? मी पंख्याकडे पाहिलं. पंखा बंद होता. मग मी त्यांना आमटी सांगितली. अप्पांच्या सुतळीपासून सगळी. वर म्हटलं, सर, आमच्या आईनं सिंगल साइडबँडवर हे सांगितलं असतं तर गावाला बदक ओरडल्यासारखं वाटलं असतं, आणि माझी मोठीआई अजून पलीकडेच राहिली असती. त्यांनी माझी फळी उलटीसुलटी करून बघितली. मग जर्नलवर सही केली आणि विचारलं, पंगत कधी आहे?

पंगतीला ते आले नाहीत, पण बाकी सगळं गाव आलं. एरवी लग्नासारखी गर्दी होते, त्या दिवशी त्याहून जास्त. देवळासमोर एकच डेग होती. आई आणि मोठीआई तिच्या दोन बाजूंना उभ्या, मध्ये वाफ. मोठीआईनं पाण्याचा अंदाज केला. आईनं येसूर कालवलं. फोडणीचा असा खकाणा उठला की कीर्तनकार महाराजही खोकले. मग मिठाची वेळ आली. मी जवळच होते, मी पाहिलं. मोठीआईनं मिठाचं भांडं उचललं, आणि आईकडे सरकवलं.

“टाक तूच.”

“न्हाय बाई, तुमीच टाका. मान तुमचा.”

भांडं त्या दोघींमध्ये इकडून तिकडे जात राहिलं. तेवढ्यात तात्यांनी हाक मारली, पानं मांडली म्हणून. दोघी वळल्या. दोघींनाही वाटलं, दुसरीनं टाकलं असेल.

पंगत बसली. बादल्या फिरल्या. गावानं भातावर आमटी घेतली, कालवली, पहिला घास तोंडात घातला, आणि एवढ्या मोठ्या पंगतीत एकदम शांतता पसरली. आमटी ठार आळणी होती. माझ्या शेजारच्या आजोबांनी दुसरा घास घेतला, तिसरा घेतला आणि शांतपणे जेवत राहिले. पलीकडच्या ओळीत कुणीतरी नुसतं बोटानं खुणावून पानात मीठ मागितलं, तर त्याच्या बायकोनं त्याच्याकडे असं पाहिलं की तो हात खाली गेला. वाढपी विचारत होते, आमटी घ्या, आमटी. आणि लोक घेत होते. डेगीजवळ दोघी कमरेवर हात ठेवून उभ्या होत्या. मोठीआई म्हणाली, “झाली न्हवं?” आई म्हणाली, “झाली.” दोघींनी अजून चाखली नव्हती.

मी माझ्या पानातली आळणी आमटी संपवली आणि पुन्हा मागून घेतली.